प्रबोधिनीचं फाटक उघडलं, पण गावाकडची पोर तिथं पोचणार कशी?

पुण्यातल्या कर्वेनगरातून वारजे, शिवणे, उत्तमनगर करत सरळ गेलात, की पुढं राष्ट्रीय संरक्षण प्रबोधिनीचं फाटक लागतं. कर्वेनगर आता शहरात जमा झालंय, पण जुनी माणसं अजून त्याला हिंगणे बुद्रुकच म्हणतात. याच हिंगण्याच्या माळावर १९०० साली धोंडो केशव कर्वे यांनी एक झोपडी उभारली आणि विधवा मुलींना शिकवायला सुरुवात केली. त्या झोपडीपासून प्रबोधिनीचं फाटक दहा-बारा किलोमीटरच्या आत आहे. मुलींना मात्र ते अंतर कापायला १२२ वर्षं लागली. खडकवासल्याची प्रबोधिनी १९५५ साली सुरू झाली आणि तिथं मुलींची पहिली तुकडी आली २०२२ साली.

ग्रामीण पानावर लष्कराचा विषय कशाला, असं तुम्ही म्हणाल. पण सैन्यात माणसं जातात ती गावातूनच. तेव्हा सैन्य बदलतंय म्हटल्यावर त्याची झळ आणि त्याचा लाभ, दोन्ही आधी आपल्याच दारात येणार.

सैन्य आपणहून बदललं का?

खरं सांगायचं तर नाही. बायकांना अधिकारी म्हणून काही शाखांत घ्यायला १९९२ मध्ये सुरुवात झाली, पण ती ठराविक वर्षांच्या नोकरीपुरती. पुरुष अधिकाऱ्यांसारखी कायम नेमणूक मिळावी म्हणून त्यांना कोर्टकचेरी करावी लागली. १७ फेब्रुवारी २०२० रोजी सर्वोच्च न्यायालयानं त्यांच्या बाजूनं निकाल दिला. पुढं १८ ऑगस्ट २०२१ रोजी त्याच न्यायालयानं प्रबोधिनीच्या प्रवेश परीक्षेला मुलींना बसू द्या, असा अंतरिम आदेश काढला. सरकारनं तयारीसाठी पुढच्या वर्षापर्यंत मुदत मागितली. न्यायालयानं ती दिली नाही. १४ नोव्हेंबर २०२१ ला परीक्षा झाली. अर्ज करणाऱ्या मुली होत्या पावणेदोन लाखांवर आणि त्यांच्यासाठी जागा होत्या १९! भूदलात १०, हवाई दलात ६ आणि नौदलात ३.

ऑगस्ट २०२२ मध्ये मुली दाखल झाल्या. ३० मे २०२५ रोजी प्रबोधिनीच्या १४८ व्या तुकडीबरोबर १७ मुलींनी दीक्षान्त संचलन केलं.

आता दुसरी बाजूही ऐकून घेऊ. सैन्य म्हणजे काही समाजसुधारणेची प्रयोगशाळा नव्हे, असं काही निवृत्त अधिकारी म्हणतात. लढाईत शत्रू बाई-पुरुष बघत नाही, हे त्यांचं म्हणणं खोटं नाही. पण म्हणूनच कस लावायचा तो कामाचा लावावा, जन्माचा नको. अमेरिकेनं वेस्ट पॉइंटच्या लष्करी अकादमीत मुली घेतल्या १९७६ साली. तिथंही असाच गदारोळ झाला होता. पहिल्या तुकडीत ११९ मुली गेल्या, त्यातल्या ६२ चार वर्षं टिकून १९८० मध्ये बाहेर पडल्या. त्यानं अमेरिकेचं सैन्य काही बुडालं नाही. आपल्याकडं तोफखान्यात २०२३ पासून स्त्री अधिकारी आहेत. पायदळ आणि रणगाडा दळाचे दरवाजे मात्र अजून बंद आहेत. म्हणजे सुधारणा अर्ध्या वाटेवर आहे.

गावाला एकच वाट ठाऊक

आपल्याकडं ‘मिल्ट्रीत जाणं’ म्हणजे भरतीला जाणं. पहाटे डांबरी रस्त्यावर पोरं पळताना तुम्ही रोज बघता. सातारा, सांगली, कोल्हापूरकडं तर घरटी एक जवान अशी गावं आहेत. पण जून २०२२ मध्ये अग्निपथ योजना आली आणि हा हिशोबच बदलला. आता जवान म्हणून घेतात ते चार वर्षांसाठी. त्यातल्या २५ टक्क्यांपर्यंत जवानांनाच पुढं ठेवायचं, बाकीच्यांनी सुमारे पावणेबारा लाखांचा सेवानिधी घेऊन घरी यायचं. त्यांना पेन्शन नाही. केंद्रीय पोलीस दलांत काही जागा त्यांच्यासाठी राखल्या आहेत, पण त्या सगळ्यांना पुरणार नाहीत. सैन्य तरुण राहावं, पेन्शनचा बोजा हलका व्हावा, हा सरकारचा विचार. तो बरोबर की चूक यावर वाद घाला, पण एवढं नक्की की फौजीच्या पेन्शनवर विहीर खोदायची, बहिणीचं लग्न करायचं, हे दिवस आता या वाटेनं येणं कठीण.

मग अधिकारी होण्याची वाट का धरू नये? ती गावात फारशी कुणाला माहीत नाही, आणि पोरींना तर त्याहून नाही.

अडतं कुठं?

प्रबोधिनीची लेखी परीक्षा ९०० गुणांची. त्यातलं ३०० गुणांचं गणित आणि २०० गुणांचं इंग्रजी. भूदलासाठी बारावी कोणत्याही शाखेतून चालते, हे कागदावर खरं. पण गणिताचा पेपर सगळ्यांना सक्तीचा आहे आणि तो अकरावी-बारावीच्या पातळीचा आहे. आता आपल्या तालुक्यात बघा. दहावी झाली की मुलीला जवळच्या कॉलेजात कला शाखेत घालायचं, एसटीचा पास काढून द्यायचा, की झालं. पंधराव्या-सोळाव्या वर्षी गणित सुटलं, की प्रबोधिनीची वाट तिथंच संपते. पळण्यात आपल्या पोरी कुणाला हार जाणार नाहीत. अडतं ते गणितात.

गंमत बघा, अण्णासाहेब कर्वे फर्ग्युसन कॉलेजात शिकवत ते गणितच!

त्यांच्याच संस्थेनं १९९७ साली मुळशी तालुक्यात, पौड रस्त्याला पिरंगुटच्या पुढं कासारआंबोली इथं राणी लक्ष्मीबाई मुलींची सैनिकी शाळा काढली. तेव्हा प्रबोधिनी मुलींना बंद होती. पोरींना कवायत शिकवून काय करणार, असं विचारायला तेव्हा वाव होता. आज त्याचं उत्तर मिळालंय. साताऱ्याच्या सैनिक स्कूलसारख्या केंद्राच्या शाळाही २०२१ पासून मुलींना घेतात. राज्य सरकारची मुलांसाठीची सैनिकी सेवापूर्व शिक्षण संस्था औरंगाबादला, म्हणजे आताच्या छत्रपती संभाजीनगरला, १९७७ पासून आहे. तशीच मुलींची संस्था नाशिकला २०२३ मध्ये सुरू झाली. दहावीनंतर परीक्षा देऊन तिथं जाता येतं.

पण या सगळ्या मिळून किती जागा? मूठभर. बाकीच्या मुलींसाठी गावच्याच शाळेनं आणि कॉलेजनं काही केलं पाहिजे. न्यायालयानं फाटक उघडून दिलं, सैन्यानं आत वसतिगृहाची सोय केली. तालुक्याच्या कॉलेजात गणिताचा शिक्षक आणून देणं हे काम काही त्या दोघांचं नाही.

म्हणून एक विनंती. येत्या जूनमध्ये अकरावीचा फॉर्म भरताना मुलीला गणित घेऊ द्या. कॉलेजात गणिताचा शिक्षक नसेल, तर संस्थेच्या चालकांना चारचौघांत विचारा, का नाही म्हणून. आणि हायस्कूलच्या हेडमास्तरांनी प्रबोधिनीच्या परीक्षेची जाहिरात वर्षातून दोनदा निघते, ती फळ्यावर लावावी. त्याला काही खर्च येत नाही.