आवाज आपला, मास्टर कुणाचं?

गेल्या फेब्रुवारीतली गोष्ट. नारायण पेठेत एका जुन्या वाड्याच्या तळमजल्यावर छोटासा स्टुडिओ आहे. तिथं आमच्या ओळखीच्या एका गायिकेच्या सहा भीमगीतांचं रेकॉर्डिंग झालं. दोन दिवसांत सहा गाणी. ढोलकीवाला तासावर ठरवलेला, कोरसला तिच्याच वस्तीतल्या तीन मुली, डबे घरून आणलेले. १४ एप्रिलच्या आधी सगळं यूट्यूबवर पडलं पाहिजे म्हणून ही घाई. गाणी झाली, आणि मग कंपनीच्या माणसानं तीन पानांचा इंग्रजी कागद पुढं केला. कायमस्वरूपी, संपूर्ण विश्वात, आज असलेल्या आणि पुढं शोध लागेल अशा सर्व माध्यमांत सर्व हक्क कंपनीचे. मोबदला एकदाच, तोही ढोलकीवाल्याचे पैसे कापून.

मोदी गणपतीजवळ चहा पिताना तिनं मला विचारलं, "दादा, सही करू का? ते म्हणतात सगळेच करतात."

सगळेच करतात हे खरंच आहे. म्हणून तर हा लेख.

तिच्याबरोबर तिची भाची होती. याच पेठेत अभ्यासिकेत बसते, स्पर्धा परीक्षेची तयारी करते. ती पटकन म्हणाली, "आत्या, टेलर स्विफ्टचंही असंच झालं होतं." मला हसू आलं. आपल्या चळवळीतल्या बऱ्याच जणांना येईल. कुठं ती अब्जाधीश गोरी गायिका आणि कुठं वस्तीतली भीमगीतं गाणारी बाई! पण त्या पोरीनं जे सांगितलं ते मी घरी जाऊन वाचलं, आणि हसू गेलं.

कंट्री म्हणजे अमेरिकेच्या दक्षिणेकडचं ग्रामीण गाणं. त्याची बाजारपेठ नॅशव्हिल शहरात. टेलर स्विफ्ट तिथूनच पुढं आली. कंट्री आणि पॉप मिसळणारा तिचा 'फिअरलेस' हा अल्बम नोव्हेंबर २००८ मध्ये आला आणि त्याला वर्षातल्या सर्वोत्तम अल्बमचं ग्रॅमी मिळालं. पण त्याचं मास्टर, म्हणजे मूळ ध्वनिमुद्रण, होतं बिग मशीन या कंपनीच्या मालकीचं. तिचे पहिले सहा अल्बम असेच कंपनीचे. २०१९ मध्ये कंपनी विकली गेली, तिच्यासोबत ही सगळी मास्टर्सही, आणि ती घेणाऱ्या माणसाशी हिचं पटत नव्हतं. पुढच्या वर्षी ती मास्टर्स आणखी एका गुंतवणूक कंपनीकडं गेली. सात-बारा आपल्या नावावर नसलेल्या जमिनीत पीक काढावं, तशी गत.

मग तिनं काय केलं? तोच अल्बम पुन्हा गायला. तेच शब्द, त्याच चाली, बरोबर तिच्या दौऱ्यांतले वादक. त्यात आधी डब्यात राहिलेली सहा गाणी घातली, नावापुढं 'टेलर्स व्हर्जन' असं लिहिलं आणि ९ एप्रिल २०२१ ला तो बाजारात आणला. पुन्हा गायलेला अल्बम अमेरिकेच्या यादीत पहिल्या क्रमांकावर जाण्याची ती पहिलीच वेळ. मे २०२५ मध्ये तिनं जुनी मास्टर्सही विकत घेतल्याचं जाहीर केलं.

हे तिला जमलं कशामुळं? पैसा, वकील, चाहते, हे सगळं होतंच. तिचे वडील शेअर दलाल, त्या कंपनीत त्यांचाही छोटा हिस्सा होता, हे विसरून तिला क्रांतिकारक ठरवण्याची काही गरज नाही. पण पैशाआधीची एक गोष्ट होती: गाणी तिनं लिहिली होती. एका गाण्यात दोन वेगळ्या मालमत्ता असतात. एक शब्द आणि चाल, दुसरी त्याचं ध्वनिमुद्रण. ध्वनिमुद्रण कंपनीचं होतं, पण शब्द आणि चालीवर तिचा हक्क शाबूत होता. म्हणून ती पुन्हा गाऊ शकली, आणि जुनं ध्वनिमुद्रण सिनेमाला किंवा जाहिरातीला द्यायला नकारही देऊ शकली.

आता आपल्याकडं या.

गणेशोत्सवात नारायण पेठेतून फिरा. मानाचा पाचवा गणपती इथलाच, केसरीवाड्याचा. आसपासच्या मांडवांत सकाळ-संध्याकाळ जी आरती स्पीकरवर वाजते ती बहुतेक वेळा प्रल्हाद शिंदे यांच्या आवाजात असते. भीमगीतं गाणाऱ्या, आपल्या वस्त्यांनी मोठं केलेल्या माणसाचा आवाज. ज्या पेठांनी आपल्याला वाड्याच्या ओट्यावर बसू दिलं नाही, त्या पेठांचा देव दर वर्षी त्याच आवाजात ओवाळून घेतो. लोकांना हा अभिमानाचा विषय वाटतो, मलाही वाटतो. पण मी दुसरा प्रश्न विचारतो. कॅसेट, सीडी, रिंगटोन, यूट्यूब, या प्रत्येक वळणावर त्या आवाजाची नव्यानं विक्री झाली. त्यातला किती वाटा आपल्या गायकांच्या, कवींच्या, ढोलकीवाल्यांच्या घरी पोचला?

वामनदादा कर्डक आणि प्रल्हाद शिंदे दोघंही २००४ साली गेले. वामनदादा सिन्नर तालुक्यातल्या देशवंडीचे. त्यांची गाणी महाराष्ट्रातल्या प्रत्येक बुद्धविहारात माहीत आहेत. कायद्यानं कवीच्या शब्दांवरचा हक्क त्याच्या मृत्यूनंतर ६० वर्षं राहतो, म्हणजे वामनदादांच्या शब्दांवर २०६४ च्या अखेरपर्यंत. आपल्या जयंतीच्या स्टेजवर त्यांचं गाणं म्हणणारा गायक निदान त्यांचं नाव तरी घेतो का? यूट्यूबवर शोधून बघा. गायकाचं नाव, चॅनलचं नाव, डीजेचं नाव, मंडळाच्या अध्यक्षाचा फोटो. कवी गायब.

ही गोष्ट ब्राह्मणी व्यवस्थेवर ढकलून आपण मोकळे होऊ शकत नाही. डीजेला लाख रुपये मोजणारी आपलीच जयंती समिती शाहिराशी पाचशे रुपयांसाठी घासाघीस करते. मी अशा समितीत बसलो आहे, म्हणून सांगतो.

हे असं का झालं, याचं कारण आपल्या इतिहासात आहे, आणि ते लाजिरवाणं मुळीच नाही. आपलं गाणं विकण्यासाठी जन्मलंच नाही. १९२० च्या दशकात याच पुण्यात जेधे-जवळकरांच्या छत्रपती मेळ्यानं पेठांतल्या मेळ्यांना गाण्यातून उत्तर दिलं. पुढं भीमराव कर्डकांनी आंबेडकरी जलसा गावोगाव नेला. त्या जलशाचं मोल बाबासाहेबांनी आपल्या भाषणांपेक्षा मोठं मानलं, असं आजही सांगितलं जातं. तिथं गाणं म्हणजे पत्रक होतं. पत्रकावर कुणी मालकी सांगत नाही, ते जितक्या हातांत जाईल तितकं चांगलं. सिनेमाच्या चालीवर गाणी बांधली गेली तीही याच हिशोबानं. चाल लोकांच्या कानात आधीच असली की शब्द लगेच बसतात.

मग कॅसेट आली. ऐंशीच्या दशकात ती स्वस्त झाली आणि ६ डिसेंबरला चैत्यभूमीवर, दसऱ्याला दीक्षाभूमीवर पुस्तकांच्या शेजारी कॅसेटचे स्टॉल लागले. पत्रक आता माल झालं होतं. आपण मात्र ते पत्रकच समजत राहिलो आणि मालाचे पैसे दुसऱ्यानं नेले. उधार घेतलेल्या चालीही आता आड येतात. सिनेमाच्या चालीवरचं भीमगीत यूट्यूबवर टाकलं की त्या सिनेमाची कंपनी दावा ठोकते आणि जाहिरातीचे पैसे तिच्या खात्यात जातात. म्हणून आजच्या कवींना माझं स्पष्ट सांगणं आहे, चाल स्वतःची बांधा. जुन्यांना तो पर्याय परवडत नव्हता, तुम्हाला परवडतो.

'टेलर्स व्हर्जन' आला त्या एप्रिलची आठवण करा. कोरोनाची दुसरी लाट. सलग दुसरी जयंती घरात. स्टेज बंद, मिरवणूक बंद. आपल्या गायकांची वर्षाची कमाई एप्रिल-मे मधल्या कार्यक्रमांवर चालते, ती दोन वर्षं बुडाली. त्याच दिवसांत लोक घरात बसून मोबाइलवर त्यांचीच गाणी ऐकत होते. ऐकणारे कमी झाले नव्हते, गाणीही थांबली नव्हती. पैसा कंपनीच्या खात्यात जमा होत होता आणि गायक रेशनच्या किटसाठी रांगेत होता. मास्टर कुणाचं, या प्रश्नाचा अर्थ मला तेव्हाच कळायला हवा होता.

तिकडचं कंट्रीही काही निर्मळ नाही. त्या गाण्याचा कणा असलेला बॅंजो आफ्रिकेतून गुलाम म्हणून आणलेल्या माणसांच्या वाद्यांतून आला. (आपल्या बॅंजो पार्टीतला बॅंजो वेगळा, तो बुलबुलतरंग. नाव तेवढं तिकडून आलं.) पण कंट्री हे गोऱ्यांचं गाणं म्हणून विकलं गेलं. लिंडा मार्टेल या काळ्या गायिकेचा कंट्री अल्बम १९७० मध्ये आला तो प्लांटेशन, म्हणजे मळा, असं नाव असलेल्या कंपनीकडून. ज्या मळ्यांवर गुलाम राबले, तोच शब्द. तिचा तो एकच अल्बम. २०२४ मध्ये बियॉन्सेनं 'काउबॉय कार्टर' केला तेव्हा ऐंशी ओलांडलेल्या मार्टेलचा आवाज त्यात घेतला. त्या वर्षी कंट्री म्युझिक असोसिएशननं बियॉन्सेला एकही नामांकन दिलं नाही, ग्रॅमीनं मात्र सर्वोत्तम कंट्री अल्बम आणि वर्षातला सर्वोत्तम अल्बम असे दोन्ही पुरस्कार दिले. म्हणजे मास्टर हातात असलं की लढाई संपते असं नाही. गाणं कुणाचं मानायचं हे ठरवणारी खुर्ची वेगळीच असते. लोकसंगीत महोत्सवात भीमगीताला जागा किती, हे आपल्याला ठाऊक आहे.

तरी कागदापासून सुरुवात करावी लागेल, कारण कागदावर आपल्याला वाटतं त्याहून जास्त हक्क आहेत. २०१२ मध्ये कॉपीराइट कायद्यात दुरुस्ती झाली. तिच्यामागं जावेद अख्तर यांची खटपट मोठी होती. त्यानंतर कवी आणि संगीतकाराचा रॉयल्टीचा हक्क त्यांना लिहून देताच येत नाही. अपवाद फक्त वारसांचा आणि कॉपीराइट सोसायटीचा. कंपनीनं सही घेतली तरी तो हक्क जात नाही. गायकालाही त्याच्या गायनाच्या व्यापारी वापरावर रॉयल्टी मिळाली पाहिजे, हे त्याच दुरुस्तीत आलं. त्याआधीपासूनचा नियम असा की हक्क लेखी आणि सहीनिशी दिल्याशिवाय जात नाहीत. करारात मुदत लिहिली नसेल तर ती पाच वर्षं धरतात, प्रदेश लिहिला नसेल तर भारतापुरतं धरतात. म्हणून तर ते "कायमस्वरूपी, संपूर्ण विश्वात" इतकं ठासून लिहितात.

आणि ज्या कवींनी कधी कुठल्या कागदावर सहीच केली नाही? तोंडी व्यवहार, हातात पाकीट, बस्स. त्यांच्या शब्दांवरचा हक्क त्यांचाच, किंवा त्यांच्या वारसांचा. म्हणजे त्यांच्या परवानगीनं ती गाणी नव्यानं रेकॉर्ड करता येतील, नव्या आवाजात, आपल्या मालकीच्या मास्टरवर, कवीचं नाव वर लिहून. वसुलीसाठी कवी आणि संगीतकारांची आयपीआरएस आहे, २०१३ मध्ये इंडियन सिंगर्स राइट्स असोसिएशन या नावानं सुरू झालेली गायकांची संस्था आहे. आपले किती कवी त्यांचे सभासद आहेत? मी ओळखीच्या अकरा जणांना विचारलं. एक निघाला.

त्या गायिकेनं सही केली नाही. आम्ही कंपनीला मुदत पाच वर्षं करा आणि रॉयल्टीचा आकडा लिहा असं सांगितलं. मुदतीवर ते बोलायला तयार झाले, आकड्यावर नाही. शेवटी तिनं बचत गटातून कर्ज काढून स्टुडिओचं बिल भागवलं आणि गाणी ११ एप्रिलला स्वतःच्या चॅनलवर टाकली. कंपनीच्या चॅनलवर लाखांनी ऐकली गेली असती, इथं अजून चार आकड्यांत आहेत. कर्जाचे सात हप्ते बाकी आहेत. माझा सल्ला चुकला का, असं ती मला एकदा म्हणाली, आणि मला लगेच उत्तर देता आलं नाही.

महिन्याच्या दुसऱ्या रविवारी आम्ही काही जण करार वाचायला बसतो. दोन वकील मित्र असतात, फी नाही. ज्याच्याकडं असा कागद असेल त्यानं तो घेऊन यावं, सही झालेली असली तरी. कागद नसलेल्यांनी तर जरूर यावं.

जय भीम.