बिरसीची धांवपट्टी

गेल्या आषाढांत आमच्या घरीं एक प्रश्न उपस्थित झाला आणि तो चार दिवस ओसरीवरून स्वयंपाकघरांत व स्वयंपाकघरांतून परत ओसरीवर असा फिरत राहिला. आमचे वडील बंधु, ज्यांस घरांतील लहानथोर सर्वच मंडळी दादा म्हणतात, त्यांच्या नातवानें बारावीची परीक्षा उत्तम रीतीनें उत्तीर्ण होऊन 'मी वैमानिक होणार' असें जाहीर केलें. शिक्षणाचा खर्च ऐकून दादांनीं चष्मा काढून ठेवला. घरच्या भातजमिनीचा बराच मोठा भाग विकावा तेव्हां कोठें ती रक्कम उभी राहावी! मुलाचें म्हणणें असें कीं, शाळा कांहीं परदेशीं नाहीं; गोंदियापासून तीन-चार कोसांवर बिरसीस आहे. तेथील लहान लहान विमानें आमच्या बांध्यांवरून घरघरत जातात, आणि रोवणी करणाऱ्या बाया आतां मान वर करूनही पाहत नाहींत.

घरांतील मास्तर म्हणून सल्ल्याचें काम आमच्याकडे आलें. आमची इंग्रजी विद्या मॅट्रिकपर्यंतची. पुढें जें मिळविलें तें शास्त्रीबोवांच्या पायांशीं बसून. रघुवंशाच्या तेराव्या सर्गांत राम पुष्पक विमानांतून सीतेस खालचा समुद्र व सेतु दाखवितो, तो सर्ग आम्हीं कित्येक वर्षें शिकविला. पण त्यावरून विमानाविषयीं बोलण्याचा अधिकार प्राप्त होत नाहीं हें आम्ही जाणतों. हें सांगण्याचें कारण असें कीं, याच सुमारास शेजारचे एक सद्गृहस्थ ओसरीवर येऊन 'विमानविद्या मूळची आपलीच, वैमानिकशास्त्र नांवाचा ग्रंथच आहे' असें आवेशानें सांगूं लागले. बंगळूरच्या भारतीय विज्ञान संस्थेंतील अभ्यासकांनीं १९७४ सालीं तो ग्रंथ नीट तपासला आहे. त्याची भाषा अर्वाचीन, रचना विसाव्या शतकाच्या आरंभींची, आणि त्यांतील विमानें उडण्याजोगीं नाहींत असा त्यांचा निर्णय आहे. संस्कृतावर प्रेम करणाऱ्यानें हा निर्णय आनंदानें स्वीकारावा. कालिदासाची थोरवी त्याच्या पुष्पकास यंत्र असण्यावर अवलंबून नाहीं. असो.

दादांचा खरा प्रश्न वेगळाच होता. ते म्हणाले, "जमीन ही पिढ्यान् पिढ्या राहते. हा विमानाचा धंदा सरकारच्या मर्जीवर चालतो. उद्यां मर्जी फिरली तर?" दादा शेतकरी गृहस्थ असले तरी नाडी त्यांनीं अचूक धरली होती, असें आम्हांस वाटतें.

कारण बिरसीचा इतिहास म्हणजे सरकारी मर्जीचाच इतिहास. ही धांवपट्टी १९४० च्या सुमारास दुसऱ्या महायुद्धाच्या गरजेपोटीं इंग्रजांनीं बांधली. येथील लोकांस विमानविद्या यावी हा हेतु त्यांत औषधालाही नव्हता. युद्ध संपलें आणि पट्टी उरली. बांधकामखात्यानें तिची राखण केली. १९९८ च्या ऑगस्टांत ती महाराष्ट्र औद्योगिक विकास महामंडळाकडे गेली. २००५ च्या डिसेंबरांत भारतीय विमानतळ प्राधिकरणाकडे आली. गोंदियाचे प्रफुल्ल पटेल त्या वेळीं केंद्रांत नागरी विमानवाहतुकीचे मंत्री होते, हें वाचकांस स्मरत असेलच. पुढें प्राधिकरण आणि कॅनडाची सीएई कंपनी यांनीं मिळून येथें वैमानिकांची शाळा काढली. ओसाड पट्टीचें पाठशाळेंत रूपांतर झालें, तें कोणा संशोधकाच्या प्रतिभेनें झालें नाहीं. एका खात्याच्या निर्णयानें झालें. याच विस्तारांत ज्यांचीं घरें-शेतें गेलीं त्या बिरसीकरांच्या पुनर्वसनाचा प्रश्न वर्षानुवर्षें रेंगाळला, हेंही त्याच धोरणाचें अंग. मुलाच्या उत्साहापुढें तें सांगणें आम्हीं टाळलें नाहीं.

आतां एक योगायोग पाहावा. जें १९४० साल बिरसीचें, तेंच सोलापूरच्या शेठ वालचंद हिराचंदांच्या विमान-कारखान्याचें. त्या डिसेंबरांत म्हैसूर संस्थानाच्या साहाय्यानें बंगळुरास हिंदुस्थान एअरक्राफ्ट कंपनी निघाली. १९४१ सालीं तेथें प्रथम जुळविलें गेलेलें विमान हार्लो नांवाचें, तेंही शिकाऊ वैमानिकांसाठींच. जपानी फौजा ब्रह्मदेशांत शिरल्या, आणि १९४२ सालीं सरकारनें कारखाना आपल्या हातीं घेऊन वालचंदांस मोकळें केलें. मात्र तेथें जमलेली विद्या फुकट गेली नाहीं. कोल्हापूरकडील हसूरचे डॉ. विष्णु माधव घाटगे, गटिंगन येथें प्राध्यापक प्रांट्ल यांच्या हाताखालीं शिकलेले, याच कारखान्यांत होते. त्यांनीं आंखलेलें एच. टी. २ हें विमान १९५१ च्या ऑगस्टांत आकाशांत गेलें. येथल्या माणसानें येथेंच आंखलेलें आणि येथेंच घडविलेलें तें शिकाऊ विमान! वायुदलानें तें घेतलें, दीडशेंहून अधिक विमानें तयार झालीं, कांहीं घानासारख्या परदेशासही गेलीं. १९५८ सालीं याच कारखान्यांतून पुष्पक नांवाचें दोन आसनांचें हलकें विमान निघालें. (नांव वाचून आम्हांस आमचा तेरावा सर्ग आठवला, हें कबूल करतों.) देशांतील उड्डाणमंडळांत कित्येक वैमानिकांनीं आपला श्रीगणेशा या पुष्पकावर गिरविला.

मग बिरसीच्या शाळेंत मुलें कशावर शिकलीं? डायमंड कंपनीच्या विमानांवर. त्यांची मूळ घडण ऑस्ट्रियाची. यांत शाळेचा दोष काढणें अन्यायाचें होईल. चार आसनें, पडद्यावर सर्व यंत्रांची नोंद, सुटे भाग वेळेवर मिळण्याची खात्री, हें ज्यास हवें तो तें जेथें मिळेल तेथून घेणारच. पण त्या वेळीं आपल्याकडे कांहींच नव्हतें असें नाहीं. बंगळूरच्या राष्ट्रीय वांतरिक्ष प्रयोगशाळेचें हंसा विमान १९९३ सालींच उडालें होतें, २००० सालीं त्यास प्रमाणपत्र मिळालें होतें, आणि कांहीं उड्डाणमंडळांस तें देण्यांतही आलें होतें. मात्र त्याची संख्या वाढली नाहीं. पुष्पकांस पुढें मागणी राहिली नाहीं, तेव्हां तीं घडविणारे हातही दुसऱ्या कामास लागले. हंसाची वेळ आली तेव्हां नागरी शिकाऊ विमानाची ती परंपरा खंडित झालेली होती. वेदपाठ एका पिढीनें सोडला तर पुढच्या पिढीस तो पोथीवरून नीट उभा करतां येत नाहीं, हें आम्हीं आमच्याच गुरुकुलांत पाहिलें आहे. सुतार-लोहारांच्या विद्येचेंही तसेंच, आणि यांत्रिकांच्या विद्येचेंही तसेंच असावें. विज्ञानखात्याची प्रयोगशाळा विमान घडविते, विमानखातें शाळा काढतें, आणि दोघांची गांठ पडत नाहीं. हंसाची नवी आवृत्ति २०२१ च्या सप्टेंबरांत उडाली आहे. तिला गिऱ्हाईक मिळवून देणें हें प्रयोगशाळेच्या हातचें काम नव्हे.

सरकारनें हात धरला म्हणजे धंदा उभा राहतोच, असेंही नाहीं. २०१६ च्या उडान योजनेनें लहान गांवांस विमान मिळावें म्हणून तासाभराच्या प्रवासाच्या कांहीं आसनांस सुमारें २५०० रुपयांची मर्यादा घातली आणि तूट भरून देण्याचें पत्करलें. त्या बळावर १३ मार्च २०२२ रोजीं बिरसीहून इंदूर व हैदराबादकडे विमान सुरू झालें. गांवांत पेढे वांटले गेले. कांहीं महिन्यांत तें बंद पडलें. पुढें १ डिसेंबर २०२३ पासून दुसऱ्या कंपनीनें हैदराबादचा मार्ग धरला. याउलट जे. आर. डी. टाटांनीं १५ ऑक्टोबर १९३२ रोजीं कराचीहून मुंबईस टपाल आणलें तेव्हां सरकारी अनुदान मिळालें नव्हतें, तरी सेवा टिकली आणि वाढली; तीच १९५३ सालीं सरकारनें राष्ट्राच्या मालकीची केली, व २०२२ च्या जानेवारींत टाटांस परत दिली. दादांस हें सर्व सांगितलें तेव्हां ते म्हणाले, "म्हणजे माझेंच म्हणणें खरें." आम्ही म्हटलें, "निम्में खरें. मर्जी फिरते, पण धांवपट्टी ऐंशी वर्षें जागेवर आहे."

या वेळपर्यंत वहिनी दाराआड उभ्या राहून ऐकत होत्या. त्यांनीं नातवास एवढेंच विचारलें, "तूं चालविणार तें ठीक, पण तीं विमानें दुरुस्त कोण करतो?" मुलगा गप्प झाला. त्यास तें ठाऊक नव्हतें. दुसऱ्या दिवशीं तो सायकल काढून बिरसीकडे गेला आणि संध्याकाळीं परत आला तो दोन कागद घेऊन. एक उड्डाणाच्या शिक्षणाचा, त्यांत दोनशें तासांच्या उड्डाणाची अट होती. दुसरा विमानदुरुस्तीच्या परवान्याच्या अभ्यासाचा. दुसऱ्याचा खर्च पहिल्याच्या मानानें पुष्कळच कमी.

दादांनीं दोन्ही कागद चष्मा लावून वाचले. प्रथम नागपुरास जाऊन डोळे व प्रकृति यांची तपासणी करून घ्यावी, त्यांत उत्तीर्ण झाल्यास कर्जाची चौकशी करावी, आणि कर्ज जेवढें मिळेल त्यावर पुढचें बोलणें, असें ठरलें आहे. तपासणीची तारीख पुढच्या आठवड्यांतली आहे. जमिनीचा सातबारा अजून दादांच्या पेटींतच आहे.