दगडावर नाव कोणाचे?

गेल्या हिवाळ्यात आमच्या वडोदऱ्यातील मंडळाची सहल एकतानगरला गेली होती. परतीच्या बसमध्ये एका विद्वान सभासदांनी निकाल देऊन टाकला : अमेरिकेची स्वातंत्र्यदेवता ४६ मीटरांची, आपले सरदार १८२ मीटरांचे, शिल्पकलेत अमेरिकेची सद्दी संपली. टाळ्या पडल्या. आम्ही त्या वेळी मौन पाळले, हे आमचे चुकले. राम सुतार यांच्या हाताविषयी आम्हांला नितांत आदर आहे. आमचे भांडण आहे ते मीटरपट्टीशी.

मुळात स्वातंत्र्यदेवता ही अमेरिकन शिल्पकृती नव्हेच. मूर्तिकार बार्तोल्दी फ्रेंच, आतला लोखंडी सांगाडा आयफेलचा, आणि देणगी फ्रान्सच्या जनतेची. अमेरिकेच्या वाट्याला आला तो केवळ चौथरा, आणि त्यालाही पैसा पुरेना. धनिकांनी हात आखडले, तेव्हा १८८५ मध्ये जोसेफ पुलित्झर यांनी आपल्या ‘न्यूयॉर्क वर्ल्ड’ या पत्रातून आवाहन केले, की रक्कम कितीही क्षुल्लक असो, देणाऱ्याचे नाव छापले जाईल. काही महिन्यांत लाखाहून अधिक माणसांनी एक लाखाहून अधिक डॉलर जमवले. बहुतेकांची देणगी एका डॉलरच्याही आतली होती. १८८६ मध्ये अनावरण झाले. अमेरिकन शिल्पाचा आत्मा ज्यांना शोधावयाचा आहे, त्यांनी मशालीकडे मान वर करून पाहण्याऐवजी वर्तमानपत्रातील ती यादी पाहावी, असे आमचे मत आहे.

आकाराचा मोह त्या देशाला झाला नाही, असे नाही. माउंट रशमोरवर १९२७ ते १९४१ अशी चौदा वर्षे सुरुंग लावून चार राष्ट्राध्यक्षांचे अठरा-अठरा मीटरांचे चेहरे कोरले गेले. तो डोंगर १८६८ च्या तहाने लाकोटा लोकांना दिलेल्या प्रदेशातला. १९८० मध्ये तेथील सर्वोच्च न्यायालयाने भरपाई मान्य केली, ती लाकोटांनी नाकारली. त्यांना पैसे नकोत, डोंगर हवा आहे. केवळ उंचीच मोजावयाची असेल, तर हा हिशेबही मांडावा लागेल.

याउलट बॉस्टनमधील शॉ स्मारक पाहा. १८६३ मध्ये फोर्ट वॅग्नरच्या हल्ल्यात कर्नल रॉबर्ट शॉ आणि त्याच्या चोपन्नाव्या मॅसॅच्युसेट्स पलटणीतील अनेक कृष्णवर्णीय सैनिक धारातीर्थी पडले. ऑगस्टस सेंट-गॉडन्स या शिल्पकाराने या एका कामावर सुमारे चौदा वर्षे घालवून ते १८९७ मध्ये पूर्ण केले. घोड्यावरचा गोरा अधिकारी मधोमध आहे खरा. पण त्याच्यालगत चालणाऱ्या पायदळातील प्रत्येक चेहरा निराळा आहे, कारण शिल्पकाराने हाडामांसाची कृष्णवर्णीय माणसे समोर बसवून एकेक मस्तक घडवले. ज्या समाजात त्या माणसांची टवाळ व्यंगचित्रे घरोघरी चालत, तेथे हे घडले. तरीही स्मारकाच्या पाठीमागे नावे कोरली गेली ती मृत गोऱ्या अधिकाऱ्यांचीच. पडलेल्या सैनिकांची नावे तेथे येण्यास १९८० चे दशक उजाडावे लागले. जवळजवळ नव्वद वर्षांनी का होईना, दगडावरची चूक दगडावरच दुरुस्त झाली. आम्हांला हे चौदा वर्षांच्या कारागिरीइतकेच मोलाचे वाटते.

याच दशकाच्या आरंभी वॉशिंग्टनमध्ये व्हिएतनाम स्मारकाचा वाद पेटला होता. १९८१ च्या स्पर्धेत १४२१ आराखडे आले, सारे निनावी. निवड झाली ती माया लिन या एकवीस वर्षांच्या विद्यार्थिनीच्या आराखड्याची. ती चिनी स्थलांतरितांची कन्या. तिच्या आराखड्यात घोडा नव्हता, गरुड नव्हता, विजयस्तंभ नव्हता. जमिनीत उतरत गेलेल्या दोन काळ्या भिंती आणि त्यांवर नावे, एवढेच. हे स्मारक नव्हे, अपमान आहे, अशी ओरड झाली. संबंधित मंत्री जेम्स वॅट यांनी मंजुरी अडवून धरली. (फाइल अडवण्याचे शास्त्र आम्हांस अगदीच अपरिचित नाही.) अखेर जवळपास ध्वज आणि सैनिकांचे पुतळे उभारण्याची तडजोड झाली, आणि १९८२ मध्ये भिंत खुली झाली. आज तिच्यावर ५८ हजारांहून अधिक नावे आहेत. ती हुद्द्यानुसार नाहीत, अकारविल्हेही नाहीत. ज्या क्रमाने माणसे गेली त्या क्रमाने आहेत. पदाचा उल्लेख कोठेही नाही. आप्त येतात, कागद ठेवून पेन्सिलीने नाव उतरवून नेतात. त्या चकचकीत ग्रॅनाइटमध्ये नावामागे वाचणाऱ्याचा स्वतःचा चेहरा दिसतो, आणि हा दगड गेला आहे आपल्याकडून, बंगळूर परिसरातून. व्हिएतनामच्या लक्षावधी मृतांना मात्र या भिंतीवर एक ओळही नाही. हा दोष आम्ही झाकू इच्छित नाही.

छत्तीस वर्षांच्या शासकीय सेवेत आम्ही कोनशिला किती बसवल्या, याची गणती नाही. मंत्री, अध्यक्ष, प्रमुख पाहुणे, मग आमच्यासारखे अधिकारी, असा शिष्टाचाराचा क्रम; अक्षरांचा आकारही हुद्द्यानुसार. गवंड्याचे नाव लिहावे, असे आम्हांला एकदाही सुचले नाही. तेव्हा हा वाद आम्ही धुतल्या तांदळासारखे होऊन घालीत नाही.

पण आता प्रश्न आपल्या घरचा आहे. मंडळाच्या सभागृहात संस्थापकांचा अर्धपुतळा बसवण्याचा ठराव आला आहे, आणि कार्यकारिणीत चर्चा चालली आहे ती चौथऱ्याच्या उंचीची. पुतळा जरूर बसवावा. परंतु ही वास्तू चार-चार आणे देणाऱ्या कारकुनांनी, शिक्षकांनी, शिवणकाम करणाऱ्या विधवांनी उभी केली, आणि दर्शनी शिळेवर नाव आहे ते उद्घाटकांचे. देणगीदारांची हस्तलिखित वही कार्यालयाच्या लोखंडी कपाटात, खालच्या कप्प्यात आहे. तिच्या कडा वाळवीने खाल्ल्या आहेत. पहिली अकरा पाने अजून वाचता येतात. चौथऱ्याच्या चारही बाजू कोऱ्या ठेवण्याचे काहीच कारण आम्हांला दिसत नाही. वही उतरवून काढण्याचे काम आम्ही स्वतः करू. पुढील सभेपूर्वी चिटणीसांनी कपाटाची किल्ली तेवढी द्यावी.