शेळी पडली नाही, पाडली

शेतकऱ्याच्या हालांवर सिनेमा निघाला की आपल्याला बरे वाटते. कुणीतरी दखल घेतली! पण दखल कशाची घेतली, हेही तपासून पाहिले पाहिजे.

लुईस बुन्युएल या स्पॅनिश दिग्दर्शकाने १९३३ साली पश्चिम स्पेनमधल्या लास उर्देस या डोंगरी भागावर सुमारे अर्ध्या तासाचा माहितीपट काढला. त्याच्या नावाचा अर्थच 'भाकरी नसलेला मुलूख'. पैसा सरकारचा नव्हता, एका शिक्षक मित्राला लागलेल्या लॉटरीचा होता. पुढे सरकारने त्यावर बंदी मात्र घातली.

त्यातले शेतीचे काम बघण्यासारखे आहे. नदीकाठची झुडपे तोडायची, दगडांचा बांध रचायचा, डोंगरावरची माती पाठीवर वाहून आणून ओतायची, तेव्हा कुठे हातभर वावर तयार होते. खतासाठी पुन्हा डोंगर चढून पालापाचोळा गोळा करायचा. नत्र लवकरच संपते. पूर आला की एका रात्रीत बांधासकट माती जाते. आम्ही मृदसंधारण पुस्तकात शिकलो. या माणसांनी ते पाठीवर वाहिले. याला अडाणीपणा म्हणायचे की विद्या?

आता शेळीचे बघा. निवेदक सांगतो, इथे शेळीचे मटण मिळते ते शेळी कड्यावरून पडून मेली तरच. लगेच पडद्यावर शेळी कोसळते. पण चित्राच्या कडेला बंदुकीचा धूर दिसतो! शेळी पडली नाही, पाडली. काही जाणकार म्हणतात, शहरी प्रेक्षकाच्या फुकटच्या दयेची थट्टा म्हणून तो धूर मुद्दाम ठेवला. असेलही. पण बघणाऱ्याच्या लक्षात शेळी राहते, बांध राहत नाही. पाठीवरच्या त्या मातीची मजुरी किती झाली, हे कुणी विचारत नाही.

आपल्याकडे दुष्काळ पडला की कॅमेरे येतात. भेगाळलेली जमीन हवी असते, रडणारी म्हातारी हवी असते. पेरणी, निंदणी, वेचणीचे दिवस कुणी मोजत नाही. दया आली की हिशेब टळतो, आणि हिशेब टळला की भाव मागायची सोय राहत नाही.

म्हणून बंधूंनो, मायबहिणींनो, यापुढे कुणी कॅमेरा घेऊन बांधावर आला तर त्याला जरूर चहा पाजा. पण भेगांच्या आधी त्याला खर्चाची वही दाखवा. कापसाच्या आणि ज्वारीच्या एका एकराला किती माणसांचे किती दिवस गेले, बियाणे-खताला काय लागले आणि बाजारात हातात काय पडले, एवढे त्याच्याकडून चित्रात घ्यायला लावा. रडणे मागितले तर नाही म्हणा.