पथकराचा बोजा कोणाच्या खांद्यावर?

शेळगावच्या शिवारातून निघालेले डाळिंबाचे क्रेट भिगवणमार्गे पुण्याच्या मार्केट यार्डाकडे जातात, तेव्हा वाटेत पाटसचा टोलनाका लागतो. तोच माल सोलापूरच्या बाजारात न्यायचा तर इंदापूरनजीकचा सरडेवाडीचा नाका चुकत नाही. मुंबईच्या वाशी बाजाराचा रस्ता धरला, तर पाटसनंतर द्रुतगती मार्गाचा पथकर पुढे उभाच असतो. नाक्यावर पैसे भरतो तो चालक. पण ते पैसे अखेर कोणाच्या खिशातून जातात, हा प्रश्न विचारण्याची रीत आपल्या अर्थशास्त्री मंडळींत नाही आणि राज्यकर्त्यांना तर तो परवडणाराच नाही.

‘जो वापरील तो भरील’ हे पथकराचे तत्त्वज्ञान. वरवर पाहता ते न्यायाचे वाटते. परंतु कोणताही कर भरतो एक आणि सोसतो दुसरा, हा अर्थशास्त्राचा पहिला धडा आहे. वाहतूकदार पथकर भाड्यात घालतो. हे भाडे शेतकऱ्याला मालाच्या भावात चढवता येत नाही. कारण भाव ठरतो तो बाजारात, त्याच्या बांधावर नव्हे. विक्रीनंतर हाती येणाऱ्या पट्टीत हमाली, तोलाई आणि मोटारभाडे वजा झालेले असते. त्या मोटारभाड्याच्या पोटातच पथकर दडलेला असतो. उलट दिशेने खताची गोणी, पशुखाद्याचे पोते, ठिबकची नळी गावात येते तेव्हा दुकानदार तोच पथकर किमतीत मिळवतो. म्हणजे शेतकऱ्याचा पथकर विकताना वजा होतो आणि घेताना अधिक होतो. नाक्यावर त्याचे नाव कोणी लिहून घेत नाही, परंतु दोन्ही बाजूंनी भरणारा तोच असतो.

दराचे गणित

राष्ट्रीय महामार्गांवरील पथकर २००८ च्या नियमांनुसार ठरतो. या नियमांतील मूळ दर २००७-०८ सालचे आहेत. चौपदरी रस्त्यावर मोटारीला किलोमीटरमागे ६५ पैसे, हलक्या मालवाहू वाहनाला १ रुपया ५ पैसे, बस व ट्रक यांना २ रुपये २० पैसे. एका नाक्याच्या वाट्याला साठ किलोमीटरचा रस्ता धरला, तर मूळ वर्षाच्या हिशेबाने मोटारीला ३९, मालवाहू टेम्पोला ६३ आणि ट्रकला वा एस. टी.च्या बसला १३२ रुपये होतात. दरवर्षी या मूळ दरावर ३ टक्के वाढ ठरलेली असून शिवाय घाऊक किंमत निर्देशांकातील वाढीच्या ४० टक्के भर पडते. महागाई शून्यावर आली तरी ती ३ टक्के वाढ चुकत नाही.

देशात अशी हमी आणखी कोणाच्या वाट्याला आली आहे? साखरेचा किमान विक्री दर २०१९ च्या फेब्रुवारीत किलोला ३१ रुपये ठरला आणि २०२४ अखेरपर्यंत त्यात एका पैशाचाही फरक झाला नाही. त्याच काळात नाक्यावरचे दर वर्षागणिक चढत राहिले. या दरांना फक्त एकदा थोडी लाज वाटली. २०२४ साली एप्रिलमध्ये व्हायची वाढ लोकसभेच्या निवडणुकीमुळे थांबवली गेली. १ जूनला शेवटच्या टप्प्याचे मतदान झाले आणि ३ जूनला वाढ लागू झाली. मतदाराची किंमत या व्यवस्थेत किती दिवस असते, याचे इतके अचूक मोजमाप क्वचितच सापडेल.

सवलत कोणाला?

पथकराविरुद्ध असंतोष वाढला की सरकार सवलत जाहीर करते. पण ही सवलत कोणाच्या पदरात पडते ते पाहिले पाहिजे. २०१५ साली महाराष्ट्र शासनाने राज्यातील १२ नाके बंद केले आणि आणखी ५३ नाक्यांवर मोटारी, एस. टी. आणि शाळेच्या बस यांना माफी दिली. मालाच्या गाड्या तशाच राहिल्या. २०२४ च्या ऑक्टोबरात, विधानसभेच्या निवडणुकीच्या तोंडावर, मुंबईच्या पाचही प्रवेशनाक्यांवर हलक्या मोटारींना माफी मिळाली; भाजीचा ट्रक पुन्हा वगळला गेला. १५ ऑगस्ट २०२५ पासून राष्ट्रीय महामार्गांवर वार्षिक पास सुरू झाला. तो सुरू झाला तेव्हा ३,००० रुपयांत दोनशे नाके ओलांडण्याची मुभा होती, म्हणजे प्रत्येक नाक्याला १५ रुपये. हा पास फक्त खाजगी मोटार, जीप व व्हॅन यांना मिळतो. ज्या वाहनाचा व्यवसायासाठी उपयोग होतो, त्याला नाही.

वरचे गणित याच्याशेजारी ठेवून पाहावे. साठ किलोमीटरच्या नाक्याला मोटारीचा २००७-०८ चा मूळ दर ३९ रुपये. पासधारक मोटारवाल्याला पडले त्याच्या निम्म्याहूनही कमी. टेम्पोला मात्र ६३ च्या मूळ दरावर आजवरच्या सर्व वाढी भराव्या लागतात. ज्या एस. टी.त चाळीस माणसे दाटीवाटीने बसतात, तिलाही राष्ट्रीय महामार्गाच्या नियमांत माफी नाही. तिचा पथकर तिकिटातून वा महामंडळाच्या तोट्यातून निघतो. मोटारवाला मध्यमवर्ग बोलतो, वर्तमानपत्रांत लिहितो, म्हणून त्याचे तोंड स्वस्तात बंद केले जाते. कांदा, डाळिंब आणि एस. टी.तील म्हातारी बोलत नाहीत, म्हणून त्यांच्याकडून पुरी वसुली होते. याला कोणी वाहतूक धोरण म्हणत असेल तर म्हणो. समाजवाद्यांच्या भाषेत याला वर्गीय धोरण म्हणतात.

एकाच रस्त्याचे तीनदा मोल

रस्त्यांना पैसा हवा, हे खरे. परंतु तो जनतेने आधीच दिलेला आहे. वाहन घेताना मोटार वाहन कर, पंपावर डिझेल भरताना रस्त्यांसाठीचा उपकर आणि नाक्यावर पथकर असे एकाच रस्त्याचे मोल तीनदा द्यावे लागते. २०१८ च्या अर्थसंकल्पात रस्ते व पायाभूत सुविधा उपकर लिटरला ८ रुपये ठेवण्यात आला. २०२० च्या मे महिन्यात, टाळेबंदीने कष्टकऱ्यांच्या चुली थंडावल्या असताना, त्यात आणखी ८ रुपयांची भर घालण्यात आली. पुढे तो कमी झाला, पण ‘रस्त्यांसाठी’ म्हणून घेतलेल्या या पैशाने नाका एक दिवसही लवकर उठला नाही. याच सरकारने २०१९ च्या सप्टेंबरात कंपन्यांच्या नफ्यावरील कराचा मूळ दर ३० वरून २२ टक्क्यांवर आणण्याची मुभा दिली होती. तिजोरीत पैसा नाही म्हणून पथकर घ्यावा लागतो, असे सांगणाऱ्यांनी ही दोन पाने एकत्र वाचावीत.

जोतीराव फुल्यांनी १८८३ साली ‘शेतकऱ्याचा असूड’ लिहिला, तेव्हा लोकल फंडाच्या नावाने शेतकऱ्याकडून पैसा गोळा होतो आणि त्याच्या पदरात काय पडते, हा सवाल त्यांनी उभा केला होता. सरकार बदलले, फंडाची नावे बदलली. सवाल मात्र तिथेच उभा आहे.

संपलेल्या मुदतीची न संपणारी वसुली

पथकराचे समर्थक सांगतात की खर्च वसूल झाला की नाका जातो. अनुभव नेमका उलट आहे. मुंबई-पुणे द्रुतगती मार्गाची वसुली २००४ साली ९१८ कोटी रुपयांच्या मोबदल्यात पंधरा वर्षांसाठी खाजगी कंपनीला देण्यात आली. २०१९ साली मुदत संपली, पथकर संपला नाही. २०२० मध्ये ८,२६२ कोटींच्या मोबदल्यात तोच मार्ग त्याच कंपनीसमूहाकडे २०३० पर्यंत सोपवण्यात आला आणि १ एप्रिल २०२३ पासून मोटारीचा दर २७० वरून ३२० रुपये झाला. रस्ता एकदा बांधला, विकला मात्र दोनदा.

राष्ट्रीय महामार्गांवरही तीच कथा. खर्च वसूल झाल्यावर वा कराराची मुदत संपल्यावर पथकर ४० टक्क्यांवर आणावा, अशी तरतूद २००८ च्या नियमांत होती. २०२३ च्या दुरुस्तीने ती काढून टाकण्यात आली. जो पथकर बांधकामाचे कर्ज फेडण्यासाठी म्हणून आला, तो आता कायमचा महसूल बनला आहे. २०२१ च्या ऑगस्टमध्ये केंद्राने सार्वजनिक मालमत्तांतून सहा लाख कोटी उभारण्याची जी योजना जाहीर केली, तिच्यात सर्वात मोठा वाटा, एक लाख साठ हजार कोटींचा, रस्त्यांचाच होता. जनतेच्या जमिनीवर, जनतेच्या कर्जातून झालेला रस्ता भांडवलदाराला भाड्याने द्यायचा आणि त्याचे भाडे पुन्हा जनतेनेच भरायचे, असा हा व्यवहार आहे.

या हिशेबाची किमया दिल्ली-नोएडा उड्डाणमार्गाच्या प्रकरणात उघडी पडली. तेथील करारात कंपनीला वर्षाला २० टक्के परताव्याची हमी होती आणि परतावा जितका कमी पडेल तितका तो प्रकल्पाच्या खर्चात मिळवला जाई. खर्च त्यामुळे फिटण्याऐवजी दरवर्षी फुगत गेला. अलाहाबाद उच्च न्यायालयाने २०१६ साली ही वसुली बंद केली आणि २० डिसेंबर २०२४ रोजी सर्वोच्च न्यायालयाने तो निकाल कायम केला. असे किती करार अजून कपाटांत आहेत, हे जनतेला कळण्याचा मार्ग कोणता?

चांगल्या रस्त्याने डिझेल वाचते, वेळ वाचतो, माल नासत नाही, हा युक्तिवाद खोटा नाही. चांगल्या रस्त्याला या देशातील एकाही समाजवाद्याचा विरोध नाही. परंतु वाचलेल्या वेळाचा लाभ सर्वात अधिक कोणाला होतो? मोठ्या कारखान्याला, साखळी दुकानांना, मालमोटारींचे ताफे चालवणाऱ्या कंपन्यांना. रस्त्यालगतच्या जमिनीचे भाव चढतात त्याचा लाभ आधीच जमिनी घेऊन ठेवणाऱ्यांना होतो. हा लाभ प्राप्तिकराने, नफ्यावरील कराने, वाढीव जमीनमूल्यावरील कराने वसूल करता येतो. ते न करता टेम्पोवाल्याला अडवणे सोपे, म्हणून पथकर.

पालखीमार्ग आणि पालखीचे लोक

शेळगावच्या बाजूने जाणारा पाटस-बारामती-इंदापूर-अकलूज रस्ता हा संत तुकाराम महाराज पालखी मार्ग. त्याच्या चौपदरीकरणाची पायाभरणी ८ नोव्हेंबर २०२१ रोजी पंतप्रधानांच्या हस्ते झाली. आषाढीला वारकऱ्यांच्या वाहनांना शासन पथकरमाफी जाहीर करते आणि तिचा गाजावाजाही होतो. पण हा वारकरी उरलेले अकरा महिने कोण असतो? तो नीरा डाव्या कालव्यावरचा ऊसवाला, डाळिंबवाला, दूध घालणारा, मजुरीला जाणारा माणूस असतो. वारीत त्याच्या पायाला हात लावायचा आणि बाजाराच्या वाटेवर त्याच्या खिशाला, ही भक्ती नव्हे, दंभ आहे.

कार्यकर्त्यांचे काम

लढा लांबचा असला तरी नियमांत जे हक्क आहेत, ते पदरात पाडून घेणे आजच शक्य आहे. चोवीस तासांच्या आत परतणाऱ्या वाहनाला दोन फेऱ्यांसाठी दीडपटच पथकर लागतो. महिन्यात पन्नास फेऱ्यांचा पास एकूण दराच्या दोन तृतीयांशात मिळतो. पर्यायी वा सेवा रस्ता नसेल तेथे वीस किलोमीटरच्या आतील रहिवाशाच्या खाजगी वाहनाला मासिक पास आहे आणि नाका ज्या जिल्ह्यात आहे त्याच जिल्ह्यात नोंदलेल्या, राष्ट्रीय परवाना नसलेल्या व्यावसायिक वाहनाला निम्मा दर आहे. पाटस आणि सरडेवाडी हे दोन्ही नाके पुणे जिल्ह्यात आणि बारामतीत नोंदलेला टेम्पोही पुणे जिल्ह्याचाच. ट्रॅक्टर व दुचाकी यांना पथकर नाही. गावोगावच्या पिकअपवाल्यांपैकी कितीजणांना हे माहीत आहे? शाखांनी हे नियम फलकावर लिहावेत, अर्ज भरून द्यावेत आणि नाक्यावर सवलत नाकारली तर ती लेखी मागावी.

परंतु सवलतीने प्रश्न सुटत नाही. मागण्या स्पष्ट असल्या पाहिजेत. प्रत्येक नाक्यावर एकूण खर्च, आजवरची वसुली आणि उरलेली रक्कम यांचा फलक लागला पाहिजे व त्याची तपासणी महालेखापरीक्षकांकडून झाली पाहिजे. शेतमाल वाहणारी छोटी वाहने आणि एस. टी. यांना पथकरातून मुक्ती मिळाली पाहिजे. निदान मोटारवाल्याला दिलेला वार्षिक पास त्यांना तरी नाकारता कामा नये. खर्च वसूल झालेला नाका उठलाच पाहिजे आणि २०२३ ची दुरुस्ती मागे घेतली पाहिजे.

हे होणे अशक्य नाही. कोल्हापूरने ते करून दाखवले. शहरातील रस्ते सुमारे २२० कोटींच्या प्रकल्पात बांधून तीस वर्षे टोल घेण्याचा घाट घालण्यात आला होता. प्रा. एन. डी. पाटील आणि कॉम्रेड गोविंद पानसरे यांच्या नेतृत्वाखाली पक्षभेद विसरून शहर उभे राहिले. २०१५ च्या फेब्रुवारीत पानसऱ्यांची हत्या झाली. आंदोलन थांबले नाही आणि त्याच वर्षाच्या डिसेंबरात सरकारला टोल रद्द झाल्याचे जाहीर करावे लागले. ठेकेदाराची भरपाई मात्र सरकारी तिजोरीतूनच झाली. नाका उठवणे हा अर्धा विजय, करारच जनतेच्या संमतीशिवाय होऊ न देणे हा पुरा, हा कोल्हापूरचा दुसरा धडा आहे.

कोल्हापूर शहर होते. रस्त्यावर उतरायला माणसे जवळ होती. महामार्गाकाठची गावे विखुरलेली आहेत आणि त्यांचा पथकर पट्टीतल्या एका आकड्यात लपलेला आहे. तो आकडा उघडा करणे, शेतकऱ्याला त्याचाच हिशेब वाचून दाखवणे, टेम्पोवाला, एस. टी. कामगार आणि शेतकरी यांना एका व्यासपीठावर आणणे, हे इंदापूर-बारामतीच्या कार्यकर्त्यांपुढचे काम आहे. रस्ता लोकांचा आहे. त्याची मालकी लोकांनी मागितल्याशिवाय कोणी देणार नाही.