कंदिसा एक नंबर? माफ करा साहेब

मुक्काम बोरसी, भिलाई.

परवा रात्री सुभेदार साहेबांचा फोन आला. निवृत्त होऊन सहा वर्षं झाली, पण आवाजातला रोल कॉल गेलेला नाही. विषय 'इंडियन ओशन'. आमच्या लाइन पार्टीला या बँडचं वेड साहेबांनीच लावलं, त्यामुळे त्यांच्यासमोर तोंड उघडायची माझी छाती होत नाही. लिहायची होते. साहेबांचा निकाल असा: 'कंदिसा' एक नंबर, 'झीनी' दोन, 'डेझर्ट रेन' तीन. सिनेमाची गाणी यादीत धरायचीच नाहीत. आणि २००९ला असीम चक्रवर्ती गेला तिथे बँड संपला. "त्यापुढचं सगळं पेन्शन आहे रे."

साहेब स्वतः पेन्शनवर आहेत आणि रोज सकाळी पाच किलोमीटर पळतात. ते असो.

ही यादी एकट्या साहेबांची असती तर गप्प बसलो असतो. पण या बँडचा जो कोणी जुना श्रोता भेटतो, तो हीच यादी पाठ म्हणून दाखवतो. घड्याळ २००० सालावर अडकवून ठेवलेलं. माझी यादी वेगळी आहे: '१६/३३० खजूर रोड' पहिला, 'ब्लॅक फ्रायडे' दुसरा, 'कंदिसा' तिसरा.

कंदिसाला तिसरं म्हणताना मला काय वाटतं ते आधी सांगतो. मी शहाद्याकडचा. नर्मदा आमच्या नंदुरबार जिल्ह्याच्या उत्तरेच्या कडेने वाहते. सरदार सरोवराच्या पाण्यात महाराष्ट्राची जी ३३ गावं गेली, ती आमच्याच अक्कलकुवा आणि अक्राणी तालुक्यांतली. धरण हवं होतं की नको, हा वाद इथे नको. पण राहुल राम नर्मदा आंदोलनात राहिलेला माणूस, आणि 'मा रेवा' हे गाणं त्या खोऱ्यातूनच बँडमध्ये आलं. घरापासून दोन हजार किलोमीटरवर, अंगात कोट-पार्का घालून, मी ते पहिल्यांदा ऐकलं तेव्हा कानातून हेडफोन काढून बाजूला जाऊन उभा राहिलो होतो. तेव्हा मला कंदिसा कळलेला नाही, असं कोणी म्हणू नये.

तरीही तिसरा. कंदिसामध्ये बँड आपल्याला काय काय येतं ते दाखवतो. केरळच्या सीरियन ख्रिश्चनांची प्रार्थना येते, गोरख पांडेंचं भोजपुरी 'हिल्ले ले' येतं, खजुराहो येतं. सुस्मित सेनची गिटार पुढे, शब्द तिच्या मागून चालणारे. ऐकायला सुंदर, पण ऐकणाऱ्याने निवांत बसून दाद द्यावी, असा तो थाट आहे. निवांत बसणाऱ्यांनी याद्या केल्या, म्हणून तो एक नंबरवर बसला.

आता सिनेमाची गाणी धरायची नाहीत, हा नियम. हा कोणी केला? १२ मार्च १९९३च्या मुंबई बॉम्बस्फोटांवरचा 'ब्लॅक फ्रायडे' कोर्टात अडकला आणि २००७च्या फेब्रुवारीत पडद्यावर आला. गाणी मात्र त्याच्या आधीच फिरत होती. पीयूष मिश्रांचं 'बंदे' आमच्या लंगरमधला कुक पीठ मळताना म्हणायचा. त्याला बँडचं नाव माहीत नव्हतं, सिनेमाही माहीत नव्हता. ज्या बँडने दहा वर्षं दिल्लीच्या हॉलमध्ये वाजवलं, तो लंगरपर्यंत पोचला तो या 'न धरायच्या' गाण्यांनी.

इथे बोरसीतही तेच. सध्या एनसीसीच्या पोस्टिंगवर आहे, भाड्याच्या खोलीत राहतो. खालच्या किराणा दुकानात एकदा फोनवर गाणं चालू होतं. दुकानदाराने मान वर केली. "ये तो नत्था वाली पिक्चर का है ना?" 'पीपली लाइव्ह'मधला नत्था, म्हणजे ओंकारदास माणिकपुरी, भिलाईचा. त्याच सिनेमात 'देस मेरा' इंडियन ओशनचं आणि 'चोला माटी के' हबीब तन्वीरांच्या मुलीचं, नगीन तन्वीरचं. भिलाईत इंडियन ओशनची ओळख नत्थामुळे आहे. साहेबांच्या यादीत या माणसाला जागाच नाही.

मग खजूर रोड पहिला का? दिल्लीत करोलबागेतल्या ज्या जुन्या घरात बँड वर्षानुवर्षं तालीम करायचा, त्या घराचा पत्ता म्हणजे हे नाव. असीमचा आवाज असलेला हा शेवटचा अल्बम. २५ डिसेंबर २००९ला तो गेला, आणि २०१०च्या जुलैपासून बाकीच्यांनी दर महिन्याला एक अशी सात गाणी लोकांना फुकट दिली. कंपनी नाही, सीडी नाही. आम्ही तेव्हा पूर्वेकडे होतो, नेट नावालाच. सुट्टीवरून येणारा प्रत्येक जण मेमरी कार्डात एखादं गाणं आणायचा आणि ब्लूटूथवर पूर्ण बॅरेकला वाटायचा. रेशन वाटावं तसं. अल्बम म्हणून एकत्र सगळा ऐकायला मला दीड वर्ष लागलं.

आणि इथे शब्द पुढे आहेत. 'डरते हो' घ्या. न. म. राशिद यांची नज्म. हे राशिद दुसऱ्या महायुद्धात फौजेत कॅप्टन होते, हे मला फार उशिरा कळलं. कळल्यावर गाणं वेगळं ऐकू आलं, एवढंच सांगतो. मग 'बोंधु', बंगालीत. भाषा येत नाही मला. असीमने ते मला समजावून सांगायची गरज ठेवलेली नाही.

त्याच वर्षी आमच्या लाइन पार्टीतला माझा जोडीदार सुट्टीवर घरी गेला आणि छातीत दुखून तिथेच गेला. आऱ्याचा होता. 'हिल्ले ले'चा अर्थ मला त्यानेच सांगितला. पुढच्या आठवड्यात लाइन टाकायची होतीच. त्याच्या जागी नवा पोरगा आला, केबलचा ड्रम त्याने उचलला. पहिल्या दिवशी सगळ्यांनी त्याला वाकडं पाहिलं, मीसुद्धा. त्याचा गुन्हा काय, तर तो दुसरा कोणी नव्हता.

म्हणून साहेबांचं 'पेन्शन' मला टोचलं. असीमनंतर तुहीन चक्रवर्ती तबल्यावर बसला, हिमांशु जोशी गायला उभा राहिला. २०१३ला सुस्मितही सोडून गेला आणि निखिल रावने गिटार घेतली. यांना ऐकण्याआधीच शेवटचा नंबर देऊन टाकायचा, हा कुठला न्याय? 'तांडानू' मी सहावाच लावतो, पण कारण वेगळं आहे. सात गाणी आणि प्रत्येकात बाहेरचा मोठा पाहुणा. घरचे लोक वाढप्यासारखे मागे राहिले. ही चूक मांडणीची आहे, नव्या माणसांची नाही. २०२३चा 'तू है' अजून मुरू द्यावा, त्याला नंबर देत नाही. 'झीनी' आणि 'डेझर्ट रेन' चौथा-पाचवा, त्यांच्यात भांडण लावायची माझी इच्छा नाही. १९९३चा पहिला अल्बम शेवटी. मला तो तालमीसारखा वाटतो. त्याचा राग ज्याला यायचा त्याला येवो.

साहेब, हे वाचलंत की 'बोंधु' एकदा लावा, पळून आल्यावर, घाम वाळेपर्यंत. मग फोन करून शिव्या द्या. फक्त सकाळी परेड असते, रात्री नऊनंतर करा.