आधी गाव, मग घराणे

सातारा गॅझेटियरमध्ये आमच्या घराण्याची नोंद कुठल्या पानावर आहे, हा प्रश्न अलीकडे इतक्या लोकांच्या तोंडी आहे, की आज पुन्हा एकदा दप्तरांकडे वळणे भाग आहे. ताज्या घडामोडी थोडक्यात अशा: सप्टेंबर 2023 मध्ये निवृत्त न्यायमूर्ती संदीप शिंदे यांची समिती नेमली गेली, राज्यभरच्या जुन्या दप्तरांतून कुणबी नोंदी शोधण्याचे काम सुरू झाले आणि लाखो नोंदी निघाल्या. सप्टेंबर 2025 मध्ये हैदराबाद गॅझेटियरबाबत शासन निर्णय झाला आणि पाठोपाठ सातारा गॅझेटियरचे नाव घरोघरी पोचले. मराठा आरक्षणाच्या वादात आज शिरायचे नाही. त्या निमित्ताने हजारो कुटुंबे आयुष्यात पहिल्यांदा आपले पणजे-खापरपणजे शोधू लागली, ही मला मोठी आणि चांगली गोष्ट वाटते. म्हणूनच त्यांना चुकीच्या दाराशी उभे केले जात आहे याचे वाईट वाटते.

मुंबई इलाख्याच्या गॅझेटियर मालेतला साताऱ्याचा खंड 1885 मध्ये निघाला. जेम्स कॅम्बेल यांच्या देखरेखीखाली तयार झालेली ही माला मोलाची आहे, पण तिचे काम वेगळे होते. त्या खंडात पिके, पाऊस, बाजार, किल्ले, देवळे आहेत आणि 1881 च्या शिरगणतीवरून दिलेले जातींचे आकडे आहेत. आकड्यात माणसाचे नाव नसते. अमुक जातीचे लोक जिल्ह्यात किती, हे त्यावरून कळेल. तुमचा खापरपणजा त्यांपैकी एक होता की नाही, हे त्या पानावरून कोणालाही सांगता येणार नाही. सांगली जिल्ह्यातल्या आमच्या कवठे महांकाळच्या परिसरासाठी अडचण त्याहून मोठी आहे. गॅझेटियरमधला सातारा जिल्हा म्हणजे इंग्रजी अमलाखालचा जिल्हा. आज कवठे महांकाळ तालुक्यात असलेले कुची हे गाव तेव्हा सांगली संस्थानच्या एका तालुक्याचे नाव होते. मिरजप्रांत, कुची, मंगळवेढे, तेरदाळ, शहापूर आणि शिरहट्टी हे त्या संस्थानचे सहा तालुके. त्यांतला कुठलाही सातारा जिल्ह्याचा भाग नव्हता. ज्यांचे पूर्वज कुची तालुक्यात नांदत होते, त्यांना सातारा गॅझेटियर उघडायला सांगणे म्हणजे शेजारच्या घराची वंशावळ हाती देणे आहे.

म्हणून माझे म्हणणे एवढेच, की घराणे शोधण्याआधी गाव कोणाचे होते ते शोधावे. सांगली जिल्हा 1949 मध्ये दक्षिण सातारा या नावाने जन्मला आणि 1960 मध्ये त्याला आजचे नाव मिळाले. तासगाव, खानापूर, वाळवा हा भाग आधीपासून इंग्रजी साताऱ्यात होता. सांगली, मिरज, जत ही पटवर्धनांची आणि डफळ्यांची संस्थाने 1948 मध्ये विलीन होऊन त्याला जोडली गेली. आटपाडी औंध संस्थानातून आली. कवठे महांकाळ तालुका त्यानंतर आखला गेला. म्हणजे तालुक्याच्या कचेरीत आज ज्या गावांची दप्तरे शेजारी शेजारी लागलेली आहेत, त्या गावांनी शंभर वर्षांपूर्वी वेगवेगळ्या धन्यांना सारा भरला. धनी बदलला की कायदा बदलतो आणि कायदा बदलला की कागद बदलतो. 1875 च्या दख्खनच्या दंग्यांनंतर सरकारने 1879 मध्ये शेतकऱ्यांना सावकाराच्या जाचातून सोडवण्यासाठी कायदा केला. तो पुणे, सातारा, सोलापूर आणि अहमदनगर या चार जिल्ह्यांना लागू झाला. त्यानुसार कुणब्याचा कर्जरोखा ग्रामनिबंधकासमोर व्हावा लागे, त्यामुळे गहाणखतात साध्या शेतकऱ्याचे नाव, बापाचे नाव, गाव आणि जमीन उतरली. खानापूर-तासगावकडच्या घराण्याला हा माग उपलब्ध होऊ शकतो. दोन कोसांवरच्या संस्थानी गावातल्या तेवढ्याच कर्जबाजारी घराण्याला तो शोधून मिळणार नाही, कारण तिथे तो कायदाच नव्हता. हक्कनोंदणीचेही तसेच. मुंबई इलाख्यात तिचा कायदा 1903 मध्ये झाला आणि त्यातून जमिनीच्या हक्कातले बदल नोंदवणारी फेरफाराची वही आली. संस्थानांनी आपापल्या सवडीने आपापल्या पद्धती ठेवल्या. हे माहीत नसलेला माणूस कागद सापडत नाही म्हणून घरी परततो आणि आपले घराणे उपरे असावे, अशी समजूत करून घेतो. तो उपरा नसतो. त्याने चुकीच्या राज्याची वही मागितलेली असते.

याच भागात या कामाची थोर परंपरा आहे, हे मुद्दाम सांगायला हवे. मिरजेच्या शाळेत शिकवणारे वासुदेवशास्त्री खरे यांनी पटवर्धनांच्या दप्तरातून निवडलेली पत्रे 1897 पासून 'ऐतिहासिक लेखसंग्रह' म्हणून प्रसिद्ध करायला सुरुवात केली. इतिहासकार वि. का. राजवाडे गावोगाव फिरून माळ्यांवरचे कागद सोडवत होते, तोच हा काळ. खरेशास्त्र्यांच्या खंडांत लढाया आणि राजकारण मुख्य, पण कुठले गाव कोणाच्या सरंजामात होते, कुठल्या वाटणीत कोणाकडे गेले, हे त्यांतून कळते. सामान्य घराण्याला पणजोबाचे नाव त्यात मिळणार नाही. पणजोबाचा सारा कुठल्या वाड्यावर जात होता ते समजेल आणि पुढची वाट तिथून फुटते. पुण्याच्या पेशवे दप्तरातले हजारो रुमाल, म्हणजे कापडात बांधलेले कागदांचे गठ्ठे, गावाचे आणि परगण्याचे नाव धरूनच उलगडता येतात. आडनाव घेऊन तिथे गेलेला माणूस महिनाभर बसला तरी हाती फारसे लागणार नाही. आडनाव तर पिढीगणिक हलते: गावावरून पडते, पाटीलकी-कुलकर्णावरून पडते, शाळेत नाव घालताना मास्तरांनी लिहिले तेच पुढे टिकते.

आक्षेप असा येईल, की ज्यांना जमीनच नव्हती त्यांनी सारा भरल्याचा कागद कुठून आणायचा? आक्षेप खरा आहे आणि या दुष्काळी पट्ट्यात तर फारच खरा. आरेवाडीच्या बिरोबाला जमणाऱ्या धनगर समाजातली कितीतरी घराणी मेंढरांमागे फिरत जगली. चराईची वाट सातबाऱ्यावर चढत नाही. त्यांची स्मृती ओव्यांत राहिली. गुंथर सोन्थायमर या जर्मन अभ्यासकाने त्या ओव्या ध्वनिमुद्रित केल्या, म्हणून जगाला त्यांचे मोल कळले. शेतकरी घरांच्या दारातही सुगीनंतर वंशावळ सांगणारा हेळवी येतो आणि धान्य घेऊन आपल्या वहीतली पिढ्यांची नावे म्हणून दाखवतो. त्याच्या वहीवर आक्षेप घेणारे म्हणतात, की धान्य घेणारा माणूस यजमानाला रुचेल तेच सांगणार. वरच्या पिढ्यांबाबत मी हा आक्षेप मान्य करतो. कूळ एकदम एखाद्या राजवंशाला भिडवले जाते तिथे थांबावे. पण खालच्या चार-पाच पिढ्यांतली नावे, भावांची संख्या, कोणता भाऊ कुठल्या गावी जाऊन राहिला, हा तपशील खुशामतीच्या उपयोगाचा नसतो, म्हणूनच तो विश्वासार्ह असतो. शिवाय तो फेरफाराशी, जन्ममृत्यूच्या नोंदींच्या कोतवाल बुकाशी, शाळेच्या प्रवेश-निर्गम रजिस्टरशी ताडून पाहता येतो. दुष्काळाने पांगलेल्या कुटुंबांना तर याचा फार उपयोग आहे. खानापूर-आटपाडीकडून गलाईच्या, म्हणजे सोने-चांदी गाळण्याच्या, धंद्यासाठी देशभर गेलेल्या घरांतल्या तिसऱ्या पिढीला मूळ गावाचा सातबारा ठाऊक नसेल, पण हेळव्याच्या वहीत बाहेर गेलेल्या भावाची शाखा असू शकते.

दुसरा आक्षेप मला जास्त गंभीर वाटतो. जुना कागद जात लिहितो आणि माणसाला त्याच्या कामाला बांधून टाकतो. महार वतनाच्या नोंदीत ज्यांचे पूर्वज आहेत, त्यांनी 1958 च्या कायद्याने ती वतने संपल्यावर तोच कागद पुन्हा उघडून काय मिळवायचे? याचे उत्तर त्यांनीच द्यायचे आहे, इतरांनी देऊ नये. माझ्यापुरते एवढे म्हणेन, की त्या नोंदींत वेठीचा आणि कामाचाही पुरावा आहे. गावाची शीव कोणाला माहीत होती, वाद झाला की कोणाची साक्ष घेतली जाई, हे तिथे दिसते. गावाचा इतिहास पाटलाच्या वाड्यावरून लिहिला की ही माणसे गळतात. गाव धरून शोध घेतला तर पाटील आणि महार एकाच वहीच्या पानांवर भेटतात. घराणे धरून शोध घेणाऱ्याला फक्त स्वतःचे पान दिसते.

आणि बायका? छापील वंशवृक्षांत त्यांची जागा बहुधा रिकामी असते. कुलवृत्तांतांत सून येते तीही माहेरचे आडनाव कंसात घेऊन. महसुली कागदात ती नवऱ्यामागे विधवा म्हणून येते, अज्ञान मुलाची पालनकर्ती आई म्हणून येते. 1956 च्या हिंदू वारसा कायद्यानंतर वारसनोंदीत मुलींची नावे भावांच्या खाली चढू लागली आणि थोड्याच दिवसांत पुढच्या फेरफाराने हक्कसोडपत्र होऊन उतरू लागली. कितीतरी घरांत आत्यांची सगळी नावे, त्यांच्या सासरच्या गावांसह, एकत्र सापडतात ती त्याच कागदात, ज्याने त्यांनी आपला हिस्सा सोडला. ही गोष्ट वंशावळ काढणाऱ्या प्रत्येकाने नीट वाचावी, कारण त्या पानावर घराण्याचा विस्तारही आहे आणि घराण्याने केलेला अन्यायही. म्हैसाळ योजनेचे पाणी आले, रत्नागिरी-नागपूर महामार्गाला जमिनी गेल्या, तेव्हापासून ही पाने पुन्हा उघडली जात आहेत, पण ती मोबदल्याच्या वाटणीसाठी. त्याच वेळी आत्यांची आणि त्यांच्या गावांची नावे एका वहीत उतरवून ठेवायला कोणाची परवानगी लागत नाही. सोयरीक संस्थानाची हद्द पाळत नव्हती. जतच्या डफळ्यांच्या मुलखातली मुलगी कुची तालुक्यात नांदायला आली, तर तिच्या बापाचा माग सांगलीच्या कागदात मिळणार नाही. जत संस्थान तर विजापूरच्या एजन्सीखाली होते. आजीचे माहेर शोधायचे तर तिथेही पहिला प्रश्न हाच, की ते गाव 1948 च्या आधी कोणाकडे होते. हक्कसोडपत्रातल्या प्रत्येक गावापुढे त्याचे उत्तर पेन्सिलीने लिहून मगच अभिलेख कक्षात अर्ज द्यावा.